पोल फूटभर आत

३ नोव्हेंबर २०२५, सोमवार

प्रदीपरावांनी आज आणखी एक झेंगट माझ्या गळ्यात अडकवलं! मी पोरींकडून वॉर्मअप करून घेत होते, तर हे केबिनमधून हात हलवून बोलावतायत. गेले. टेबलावर एक छापील तक्ता, सगळे रकाने कोरे. वर लिहिलेलं — ‘संकुलाचा इतिहास व उपलब्ध सुविधा’. येत्या सव्वीस जानेवारीला आमच्या क्रीडा संकुलाला पंचवीस वर्षं होतात. गेटवर मोठा फलक लागणार, कार्यक्रम होणार. त्यासाठी वीस जानेवारीपर्यंत सगळी माहिती भरून पाहिजे म्हणे.

“व्यवस्थापक तुम्ही आणि लिहायचं मी?”

“मॅडम, तुमचं अक्षर चांगलंय की. शिवाय तुम्ही पहिल्या दिवसापासून हितं. मी आत्ता चार वर्षांमागं आलो.”

अक्षर चांगलं म्हणे! शाळेत तर कुणी कधी म्हटलं नाही. पण तक्ता घेतला. खो-खोच्या कोचनं व्यवस्थापकाला नाही म्हटलं की पुढच्या महिन्यात रेषा मारायला फक्कीची पोती मिळत नाहीत.

६ नोव्हेंबर, गुरुवार

इतिहास लिहायला बसले. दोन ओळी झाल्या आणि अडले. इतिहास म्हणजे कुणाचा? उद्घाटन कुणी केलं ते कोनशिलेवर कोरलंय. बाकीचं कुठंच नाही.

मला आठवतंय ते असं — हद्दवाढीआधी इथं गायरान होतं. बाभळी, दगडं, आणि पलीकडं दगडाची खण. आधी भिंत झाली. मग गेट झालं. २६ जानेवारी २००१ ला झेंडा लागला आणि आत काहीच नव्हतं! पोहण्याची टाकी तीन वर्षांनी झाली, बॅडमिंटनचा हॉल सहा वर्षांनी, जिम त्याच्याही नंतर. पण खो-खोचं मैदान पहिल्याच महिन्यात झालं, कारण ते आम्ही केलं. सिद्धराम सर आणि आम्ही पंधरा पोरी. मी तेरा वर्षांची. मुरूम घमेल्यातून वाहिला, माती चाळणीनं चाळली, दगड वेचून वेचून नखं गेली. सर शाळेत पीटीचे मास्तर, इथं संध्याकाळी यायचे ते हौसेनं. कुणी बोलावलं नव्हतं त्यांना.

संकुलातली सगळ्यात जुनी सुविधा म्हणजे आमचं मैदान. हे वाक्य मी पहिलं घालणार. टाकीवाल्यांना राग येऊ दे.

सव्वीसला सरांचा सत्कार ठरलाय. वय अठ्ठ्याहत्तर. बरं झालं, जिवंतपणी होतोय.

८ नोव्हेंबर, शनिवार

तक्त्यात मापं मागितलीत. आज टेप घेऊन सगळं मोजलं. टाकी — पंचवीस मीटर, बरोबर. धावपट्टी दोनशे मीटर, बरोबर. हॉल बरोबर. खो-खोचं मैदान तर मला पाठच आहे, पण म्हटलं लावू टेप.

एका पोलपासून दुसऱ्या पोलपर्यंत साठ सेंटिमीटर कमी भरलं!

कापडी टेप आहे. ढिली झाली असेल.

९ नोव्हेंबर, रविवार

ढिली बिली काही नाही. शेजारच्या गवंड्याकडून पोलादी टेप आणली. तीनदा मोजलं. मधले आठ चौकोन, जिथं पोरी बसतात, ते एकदम बरोबर अंतरावर. पण शेवटच्या चौकोनापासून पोलपर्यंत अडीच मीटर पाहिजे, ते आहे दोन मीटर वीस. दोन्ही टोकांना तेच. म्हणजे दोन्ही पोल फूटभर आत.

फूटभर म्हणजे काय ते खो-खो न खेळलेल्याला कळायचं नाही. समोरची धावणारी पोलला वळसा घालून निसटते. तेव्हा आपण शेवटच्या चौकोनातून सुटायचं, दोन पावलं, आणि उडी. एका हातानं पोल धरायचा, सगळं अंग बाहेर झोकून द्यायचं, दुसऱ्या हातानं तिला बाद करायचं. पोलकडं बघायला वेळच नसतो. हाताला माहीत असतं पोल कुठं आहे.

आणि आमच्या हाताला चुकीचं माहीत आहे! पंचवीस वर्षं!

आमच्या पोरी इथं लई भारी झेपा घेतात. बाहेरच्या मैदानावर गेल्या की बोटं पोलच्या अलीकडं मिटतात. हवेत. मग छातीवर पडतात. दरवर्षी हेच. सगळे म्हणतात, सोलापूरच्या पोरी बाहेर गेल्या की बिचकतात.

मीही. २००६, परभणी, राज्य निवडीचा सामना. शेवटचे नऊ सेकंद, एक गुण पाहिजे. मी उडी मारली आणि पोल नव्हताच तिथं. हनुवटी फुटली, चार टाके. सर पाणी घेऊन आले आणि एकच बोलले — “घाबरलीस, पोरी.”

मी घाबरले नव्हते. पण तेव्हापासून मानत आले की घाबरले असणार. एकोणीस वर्षं! नोकरीच्या मुलाखतीला बसले तरी वाटायचं, आपण ऐन वेळी कच खाणाऱ्यातल्या.

आज जेवण गेलं नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार

धोंडप्पांना विचारलं. संकुलाचे सगळ्यात जुने मैदान कामगार, पोल रोवताना तेच हजर. म्हणाले, “सरांनी नवा सुती दोर आणला हुता. लई झ्याक, पांढराफेक. शाळंतनं टेपनं मोजून दोन गाठी मारून आणल्या. हितं आणून चुन्याच्या बादलीत बुडीवला, ताणला. सरळ पांढरी रेघ उमटली. गाठीवर दोन खड्डं घेतलं, पोल हुभं केलं, काँक्रीट वतलं.”

“आणि चौकोन?”

“ते लाकडी पट्टीनं. मधनं सुरू करून दोनीकडं.”

म्हणजे चौकोन पट्टीनं, पोल दोरानं. पट्टी बरोबर. मग दोर का चुकला? सर मोजण्यात चुकणारे नव्हेत. गणवेशाची इस्त्री चुकली तरी बाहेर उभं करायचे.

१२ नोव्हेंबर, बुधवार

आईनं एका वाक्यात सोडवलं! मी जेवताना सांगत होते. आईची सबंध नोकरी चादरीच्या कारखान्यात घड्या घालण्यात गेली. भाकरी मोडता मोडता म्हणाली, “दोर कोरा होता का धुतलेला?”

“नवा. कोरा.”

“मग आटणारच की! कोरं सूत पाण्यात घातलं की आटतंय. नवा टॉवेल एकदा धू आणि बघ.”

मी तशीच बसले. आई म्हणाली, “काय झालं? भाजी तिखट झाली?”

१३ नोव्हेंबर

सोलापुरात! अख्ख्या सोलापुरात! ज्या गावात पाळण्यातल्या पोराला माहीत की सूत आटतं, तिथं पंधरा पोरी, एक मास्तर, एक कामगार, सगळे ओल्या दोराकडं बघत उभे होते. त्यात निम्म्या पोरींचे बाप मागावर कापड विणणारे. कुणाच्या डोक्यात आलं नाही. माझ्याही.

हसू येतंय आणि रडूही येतंय.

१५ नोव्हेंबर, शनिवार

सरांकडं गेले. सुंदरम्माकाकूंनी नेहमीसारखं “बा, बा, कुतको” म्हणून बसवलं, चहा ठेवला. सर बारीक झालेत. पण बसतात अजून ताठ.

मी सगळं सांगितलं. सरांनी कप खाली ठेवला.

“कितीदा मोजलीस?”

“तीनदा. पोलादी टेपनं.”

मला वाटलं, आता म्हणतील — चुकलं गं. पण आवाज चढला. “त्या मैदानावरनं बावीस पोरी जिल्ह्याला खेळल्या! तवा कुणाला कमी वाटलं न्हाय?”

“जिल्ह्याला गेल्या सर. पुढं किती गेल्या?”

“तू हरलीस त्याचं खापर मैदानावर फोडू नको, धम्मप्रिया.”

आणि टीव्हीचा आवाज वाढवला. काकू दारापर्यंत आल्या, माझ्या पाठीवरून हात फिरवला.

रस्ताभर रडले. चिडून रडले! एवढ्या वर्षांत एकदा, एकदा तरी एखाद्या पोरीला विचारायचं होतं, की का पडलीस? नुसतं घाबरलीस, घाबरलीस! माणूस मोठा झाला की त्याचे कान बारीक होतात.

१६ नोव्हेंबर, रविवार

ठरलं. पोल हलवायचे.

कारण ऋतुजा. सोळा वर्षांची. माझ्या हातून गेलेल्या सगळ्यांत चपळ. दहा-अकरा जानेवारीला बारामतीत विभागीय निवड आहे. तिथं बसली तर राज्याचा संघ, आणि क्रीडा वसतिगृहात प्रवेश. शिक्षण, खाणं, सगळं तिथं. तिची आई मायाक्का सांगोल्याकडची, इथं युनिफॉर्मच्या कारखान्यात शिलाई करते. तिनं दिवाळीतच सांगितलंय — “बाई, ह्या वर्षी झालं तर झालं. न्हायतर दहावीनंतर तिला मामाकडं गावी धाडणार. माझ्यानं हितं रेटंना.”

आता हलवले तर पोरींचं बसलेलं सगळं मोडणार. सात-आठ आठवड्यांत नवीन बसलं नाही तर दोन्हीकडून गेल्या. आणि नाही हलवले तर ऋतुजा बारामतीत माझ्यासारखी पडणार, आणि मला माहीत असून पडणार.

यात विचार करण्यासारखं काय आहे?

१८ नोव्हेंबर, मंगळवार

प्रदीपरावांना अर्ज दिला : ‘खो-खो मैदानाचे दोन्ही पोल प्रत्येकी एक फूट बाहेर सरकवणेबाबत.’ वाचून त्यांनी चष्मा काढला.

“मॅडम, पंचवीस वर्षं झाल्याचा कार्यक्रम आणि तुम्ही म्हणताय मैदान पहिल्यापासनं चुकलंय? सत्कार कुणाचा हाय ठाऊक हाय की नाही?”

“ठाऊक आहे.”

“मग सव्वीसनंतर करू की.”

“निवड दहाला आहे.”

डोकं खाजवलं त्यांनी. माणूस वाईट नाही, भित्रा आहे. शेवटी म्हणाले, “सरकवणे लिहू नका. ‘मैदान दुरुस्ती’ लिहा. ते माझ्या सहीत बसतंय.” लिहिलं. सही झाली. सिमेंट मात्र तुमचं तुम्ही बघा म्हणाले. त्या गवंड्यालाच पकडलं, त्याची पोरगी माझ्याकडं खेळते.

२२ नोव्हेंबर, शनिवार

हात वर होत नाहीयेत, तरी लिहिते.

सकाळी सातला सुरू केलं. धोंडप्पा पहार घेऊन, मी घण घेऊन. जुनं काँक्रीट फुटता फुटेना. पोरी गोल करून उभ्या. ऋतुजा म्हणाली, “मॅडम, एवढं पक्कं केलं होतं तर मोजून तरी करायचं!” सगळ्या फिदीफिदी हसल्या. मीही हसले.

नऊच्या सुमाराला गेटातून छत्री दिसली. सर! रिक्षानं आले होते. गॅलरीच्या पायरीवर बसले, छत्री उघडी. मी घाव घालत राहिले. माझ्या मनात आलं, अडवायला आले असतील तर आज मी ऐकणार नाही. सरांचंसुद्धा.

पहिला पोल निघाला. धोंडप्पांनी नवीन खड्डा आखला. तेव्हा सर उठले, काठी टेकत आले, खड्ड्यात वाकून बघितलं.

“अडीच फूट घ्या. मी दोनच घेतला हुता.”

बस, एवढंच. मग खिशातून टेप काढली. पोलादी. नवी, वरचा कागद अजून चिकटलेला. एक टोक माझ्या हातात दिलं आणि दुसरं स्वतः धरून उभे राहिले. शेवटपर्यंत सोडली नाही. दोन्ही पोल होईपर्यंत उन्हात होते. मी पाणी दिलं तर प्याले.

माफ बिफ काही म्हणाले नाहीत. मीही म्हटलं नाही.

६ डिसेंबर, शनिवार

आज सराव नाही, महापरिनिर्वाण दिन. पहाटे आईबरोबर पुतळ्याला जाऊन आले. लई गर्दी.

संध्याकाळी मैदानावर जाऊन पोलची गोणपाटं सोडली. दोन आठवडे रोज पाणी मारलं. हलवून बघितले. गच्च बसलेत.

७ डिसेंबर, रविवार

आठ जणींनी झेपा मारल्या. आठही पडल्या.

९ डिसेंबर, मंगळवार

पडतायत. गुडघे सोलले, कोपरं सोलली. गवंड्याची पोरगी रडली. दोन आया येऊन भांडून गेल्या — “चांगलं चाललं हुतं, कुणी सांगितलं खोदायला?” एकीनं तर विचारलं, नवीन मॅडम कधी येणार!

येऊ दे की. तोवर मीच आहे.

१२ डिसेंबर, शुक्रवार

ऋतुजा आली नाही. कालही नव्हती.

१३ डिसेंबर, शनिवार

घरी गेले. एक खोली, मशीनवर मायाक्का, कोपऱ्यात ऋतुजा भिंतीकडं तोंड करून. पोरींना टेप लावून दाखवलं होतं, सगळं समजावलं होतं, तरी म्हणते कशी — “चुकीचं होतं तर आधी शिकवलं कशाला? आता माझं येतं तेपण गेलं.”

बरोबरच बोलत होती. मी म्हटलं, “मला माहीत नव्हतं.”

“तुम्ही कोच ना?”

मायाक्कानं मशीन थांबवलं. “बाईसंगं नीट बोल!”

“असू दे,” म्हटलं. मग मी हनुवटी वर करून तिला टाक्यांची खूण दाखवली आणि परभणीचं सांगितलं. आजवर कुठल्या पोरीला सांगितलं नव्हतं. लाज वाटायची. ती वळून बघत होती. शेवटी म्हणाली, “लई रक्त आलं होतं का?”

“लई.”

“उद्या किती वाजता यायचं?”

सहाला, म्हटलं. आता दररोज सकाळ-संध्याकाळ. दोन पावलांचं गणितच सोडायचं. अडीच. त्या अर्ध्या पावलावर सगळं आहे.

२४ डिसेंबर, बुधवार

धरला! ऋतुजानं पोल धरला! एकदा नाही, सलग पाच वेळा! सहाव्यांदा पडली आणि पडल्या पडल्या हसली. मी मोठ्यानं ओरडले तर टाकीवरचे लोक बघायला आले.

२ जानेवारी २०२६, शुक्रवार

आठपैकी सहा जणींचं बसलं. पोरी संक्रांतीच्या गड्ड्याच्या यात्रेसाठी आत्तापासून सुट्टी मागतायत. अकरा तारखेनंतर खुशाल पाळण्यात बसा म्हटलं, तोपर्यंत मैदान सोडायचं नाही.

११ जानेवारी, रविवार — बारामती

आधी खरं ते लिहिते. अंतिम सामना हरलो. दोन गुणांनी. समोरच्या पोरी चांगल्या होत्या, काही तक्रार नाही.

पण उपान्त्य सामना! शेवटचं मिनिट, बरोबरी. ऋतुजाची पहिली झेप — बोटं लागली आणि सुटली. पडली. ती उठली, माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. पुन्हा खो मिळाला, शेवटच्या चौकोनातून सुटली, अडीच पावलं मी मनात मोजली — आणि उडाली. पोल हातात! अंग सगळं बाहेर! समोरची पोरगी पळता पळता बाद!

निवड समितीनं संध्याकाळी नावं वाचली. पाचवं नाव ऋतुजाचं. मायाक्काला फोन लावला. नुसतं “व्हय, व्हय” म्हणत राहिली.

सरांनाही लावला. म्हटलं, “सर, धरला तिनं.” पलीकडून टीव्ही बंद केल्याचा आवाज आला. मग, “बरं झालं, पोरी. बरं झालं.”

आज मी खूश आहे. काहीही शिल्लक न ठेवता खूश आहे.

२० जानेवारी, मंगळवार

तक्ता दिला. सुविधांच्या रकान्यात लिहिलं : ‘खो-खो मैदान, नियमानुसार — २२ नोव्हेंबर २०२५ पासून.’

प्रदीपराव म्हणाले, “हे ‘पासून’ काढा. लोक विचारतील, त्याआधी काय होतं?”

“विचारू द्या की.”

“सिद्धराम सरांचं काय? त्यांच्या सत्कारादिवशीच फलक लागणार!”

मला ते वाटलं नव्हतं असं नाही. रात्रभर तळमळले. पण आमच्या हनुवट्या फुटल्या तो इतिहास नाही का? काढणार नाही म्हटलं. सरांना मी स्वतः सांगेन.

सांगायला गेले. ते म्हणाले, “लिवलीस ते ठेव.”

२६ जानेवारी, सोमवार

झेंडावंदन झालं, भाषणं झाली, शाल-श्रीफळ झालं. सरांना दोन शब्द बोला म्हणाले. सरांनी माइक धरला. मला वाटलं, आभार मानतील.

“ह्या मैदानाचं पोल मी चुकीच्या जागी रोवलं. दोर आटला, ते माझ्या ध्यानात आलं न्हाय. ते एक असू दे. पण पोरी बाहेर जाऊन पडायला लागल्या, तवा एकदा टेप लावायला माझं काय जात हुतं? न्हाय लावली. पोरींनाच म्हनलं, घाबरलीस. कुनीबी घाबरलं न्हवतं.”

आणि खाली बसले. मग मागून धोंडप्पांनी टाळी वाजवली.

मी रडले. पण खरं सांगायचं तर मनात असंही आलं, की शेवटी कबूल केलंत ना! माझंच खरं ठरलं ना! एकोणीस वर्षांनी का होईना. त्या एका वाक्यासाठी मी किती थांबले होते, ते मलाच ठाऊक नव्हतं.

२७ जानेवारी, मंगळवार

सरांनी घरी बोलावलं. वहीत नावं लिहून ठेवलीत त्यांनी — त्यांच्या हाताखाली असताना बाहेर पोलवर पडलेल्या पोरी. अकरा. माझं नाव चौथं. कोण जेऊरला, कोण पुण्याला. प्रत्येकीला फोन करणार म्हणाले. दोघींना करूनही झालाय.

मी म्हटलं, “फार चांगलं करताय, सर.”

वही मिटली त्यांनी. “आन् तुझ्या हाताखालच्या? तू कोच झाल्याला अकरा-बारा वर्षं झाली की.”

घरी येऊन मीही नावं आठवून लिहिली. सहा. सहाच्या सहा जणींना मी तेच म्हटलं होतं, जे सर मला म्हणाले होते. सर्वांत वाईट वाटतं ते सुकन्याचं. २०२२ ला लातूरला पडली, त्यानंतर मैदानावर आलीच नाही. वळसंगला असते. फोनवर नाही बोलणार मी. जाऊनच सांगणार.

१ फेब्रुवारी, रविवार

वळसंगला जाऊन आले. सुकन्या वडिलांच्या पिठाच्या गिरणीवर बसते. भुवयांपर्यंत पीठ. मला बघून गिरणी बंद केली, खुर्ची पुसून दिली. मी सगळं सांगितलं — टेप, दोर, फूटभर. म्हटलं, चूक तुझी नव्हती गं, मैदानाची होती.

तिनं कपाळावरचं पीठ पुसलं. मग म्हणाली, “मॅडम, मी सांगितलं होतं की तुम्हाला. लातूरला जायच्या आधी. शाळेच्या मैदानावर पावलं मोजून आले होते, म्हटलं आपला पोल आत वाटतोय. तुम्ही म्हणालात, मैदानाला नावं ठेवतीस? चार राउंड मार. मी मारले.”

चार नव्हते. सहा होते. मला आठवतंय.